डावं-उजवं: 'पूर्ण सममिती' म्हणजे नेमकं काय, आणि ती कुठे हवी?

माझी भाची चित्रकलेच्या कॉलेजात पहिल्या वर्षाला आहे. मागच्या महिन्यात त्यांना वर्गात एक काम मिळालं. आपल्या मनानं एक कलाचळवळ रचायची, तिच्यामागचा विचार सांगायचा आणि तिचा जाहीरनामा लिहायचा. भाचीनं रचली ती पूर्ण सममितीची चळवळ. रविवारी ती पंचवटीत माझ्याकडे आली ती वही घेऊनच. "मावशी, तू इतकी वर्षं गणित शिकवलंस. यात काही चुकलंय का बघ."

जाहीरनाम्यात चार कलमं होती. पहिलं: प्रत्येक कलाकृतीचा डावा आणि उजवा भाग हुबेहूब सारखा असावा. दुसरं: जे सममित नाही ते अपुरं. तिसरं: माणसानं आपलं घर, पोशाख, आपला चेहरासुद्धा सममित करावा. चौथं: ही चळवळ कुणातही डावं-उजवं करणार नाही.

तिसरं कलम कुठून आलं तेही लगेच कळलं. हल्ली फोनवर अशी अ‍ॅप आली आहेत की चेहऱ्याचा फोटो घ्यायचा आणि डावी-उजवी बाजू किती जुळते त्यावर गुण द्यायचे. भाचीला कमी गुण मिळाले होते आणि ते तिला लागलं होतं. तिच्या वर्गातल्या बऱ्याच मुलींचं हेच चाललंय. म्हणून हा विषय नीट उलगडून सांगावा असं वाटलं. सममिती हा शब्द शाळेत सहावी-सातवीला भेटतो, कागद दुमडून फुलपाखरू कापलं की सुटतो, आणि मग आयुष्यभर आपण तेवढ्याच अर्थानं तो वापरतो. त्याचा खरा अर्थ फार मोठा आहे.

ताट फिरवून बघा

मी तिला म्हटलं, डोळे मीट. समोर एक रिकामं, साधं स्टीलचं ताट ठेवलं. "आता मी हे ताट फिरवीन किंवा फिरवणार नाही. डोळे उघडल्यावर सांग, फिरवलं का?" तिला सांगता येईना. येणारच नव्हतं. गोल ताट कितीही फिरवा, ते तसंच दिसतं.

सममिती म्हणजे एवढंच: एखादा बदल केला तरी वस्तू जशीच्या तशी राहणं. दोन सारखे अर्धे हा त्यातला फक्त एक प्रकार, कारण तिथे आपण केलेला बदल म्हणजे डाव्याचं उजवं करणं, आरशात धरणं. पण बदल आणखीही असतात. फिरवणं हा एक, सरकवणं हा दुसरा. छताचा पंखा बघा. तीन पाती आहेत, म्हणून एक तृतीयांश फेरी फिरवला तर कळत नाही. पण पाती एका बाजूला कललेली असतात, त्यामुळे आरशातला पंखा वेगळा दिसतो. ती कललेली नसती तर पंखा फिरला असता, वारा मात्र लागला नसता. दारातल्या रांगोळीतलं स्वस्तिकही असंच आहे. पाव फेरी फिरवा, तेच राहतं. आरशात धरा, उलटं होतं.

मग मी ताट वाढलं. वर मध्यावर मीठ, डावीकडे लिंबाची फोड, चटणी, कोशिंबीर, उजवीकडे भाजी, आमटीची वाटी, मधे भात. आता फिरवून बघ म्हटलं तर ती हसली. आपल्याकडे वाढणाऱ्याला 'डावी बाजू वाढ' असं सांगतात आणि त्याला चटणी-कोशिंबीर घ्यायची हे कळतं. ताट रिकामं होतं तोवर पूर्ण सममित होतं. अन्न आलं आणि सममिती गेली.

हे ताट लक्षात असू द्या, ते पुढे लागणार आहे.

गौरीची पावलं आणि काठाचे ७ प्रकार

सरकवण्याची सममिती आपल्या बायकांच्या हातात पिढ्यानपिढ्या आहे. भाद्रपदात गौरी येतात तेव्हा दारापासून देवघरापर्यंत पावलं काढतात. काही घरांत ती जोडीनं काढतात, डावं-उजवं शेजारी शेजारी. काही घरांत चालत आल्यासारखी: डावं, मग थोडं पुढे उजवं, मग परत डावं. दोन्ही नक्ष्या सारख्याच वाटतात, पण गणिताच्या नजरेला त्या वेगळ्या जातीच्या आहेत. जोडीच्या पावलांत मधोमध रेघ मारली की एक बाजू दुसरीचं प्रतिबिंब होते. चालत्या पावलांत तसं होत नाही; तिथे प्रतिबिंब घ्यायचं आणि शिवाय एक पाऊल पुढे सरकवायचं, तेव्हा नक्षी स्वतःवर बसते. आरसा आणि सरकणं मिळून झालेला हा बदलाचा चौथा प्रकार.

आणि एक गोष्ट दोन्ही घरांत सारखी. पावलांची बोटं घराच्या आत वळलेली हवीत. माझ्या आईनं लहानपणी माझी अख्खी ओळ ओल्या फडक्यानं पुसायला लावली होती, कारण मी आतून दाराकडे सरकत पावलं काढत गेले आणि त्या नादात बोटं बाहेरच्या बाजूला निघाली. गौरी घरातून निघाल्यासारखं दिसत होतं. नक्षीत सरकण्याची सममिती आहे, आरशाची आहे, पण पुढचं मागं करण्याची नाही, आणि ती नसण्यातच अर्थ आहे. ती असती तर गौरी येते आहे की जाते आहे हे कळलंच नसतं.

साडीचा काठ म्हणजेही एका दिशेनं सरकत जाणारी नक्षी. गणितानं एक थक्क करणारी गोष्ट सिद्ध केली आहे: अशा पट्टीवर तुम्ही मोर काढा, वेल काढा, नुसते त्रिकोण काढा, सममितीच्या हिशेबानं तिच्या जाती फक्त ७ होतात. आठवी शक्यच नाही. नारळी काठ घ्या. त्यातलं प्रत्येक टोक डावीकडून-उजवीकडून सारखं असतं, पण वरचं खाली केलं तर टोकं उलटी होतात. ती एक जात. नुसती एका दिशेनं तोंड करून चाललेली मुनियांची रांग ही दुसरी; तिला सरकवण्यापलीकडे काहीच चालत नाही. आणि चारही दिशांना पसरणाऱ्या नक्षीच्या, म्हणजे अंगभर नक्षीच्या कापडाच्या किंवा फरशीच्या जाती १७. हे १८९१ साली फेदोरोव्ह या रशियन माणसानं सिद्ध केलं. तो स्फटिकांचा अभ्यास करत होता; मिठाच्या कणात आणि फरशीच्या नक्षीत एकच हिशेब असतो.

येवल्याची पैठणी ओळखायची कशी, असं विचारलं की जाणती बाई पदर उलटा करते. हातमागावरच्या पैठणीत काठ-पदराच्या नक्षीतला प्रत्येक रंग वेगळ्या कांडीवर असतो, आणि एका रंगाचा बाणा, म्हणजे आडवा धागा, शेजारच्या रंगाच्या बाण्यात अडकवून परत फिरवतात. त्यामुळे मागे सुटे धागे लोंबत नाहीत आणि उलट्या बाजूलाही तोच मोर दिसतो. यंत्रावरच्या नकलेत मागे धाग्यांची जाळी दिसते. म्हणजे इथे सममिती दिसण्यासाठी नाही. उलटी बाजू कुणी बघणारही नाही. ती विणकराच्या हातानं केलेल्या कष्टाची खूण आहे. भाचीला हे फार आवडलं. तिच्या चळवळीला खरा आधार मिळाला असं तिला वाटलं, आणि तेवढ्यापुरतं ते खरंही होतं.

मग सगळ्यात सममित चित्र कोणतं?

आता तिचं दुसरं कलम घेऊ: जे सममित नाही ते अपुरं. हे खरं मानलं तर जितकी सममिती जास्त तितकं चित्र चांगलं. फुलपाखराला एकच आरसा चालतो. सहा पाकळ्यांच्या रांगोळीला सहा आरसे चालतात आणि सहा ठिकाणी फिरवता येतं. वर्तुळाला हवे तितके. त्याच्याही पुढे काय? कोरा कागद. तो सगळ्या दिशांना अमर्याद पसरलेला धरा. कुठेही सरकवा, कसाही फिरवा, आरशात धरा, कळणारच नाही. पूर्ण सममितीच्या चळवळीचं सर्वोत्तम चित्र म्हणजे ज्यावर काहीच काढलेलं नाही असं चित्र.

भाची म्हणाली, "म्हणजे माझं रिकामं ताटच."

तेच. एखादी गोष्ट दुसरीपासून वेगळी ओळखता यायची तर सममिती कुठेतरी मोडावी लागते. उन्हाळ्यात गंगापूर धरणाचं पाणी मागं सरतं तेव्हा उघडा पडलेला गाळ बघा. ओला असताना तो सपाट, सगळीकडे सारखा. वाळायला लागला की आकसतो आणि तडकतो. तडा इथेच जावा, तिथे जाऊ नये असं सांगणारं काही त्या गाळात नसतं. ऊन सगळीकडे सारखंच. तरी तडा कुठेतरी एका जागी सुरू होतो, आणि एकदा सुरू झाला की आजूबाजूच्या भेगा त्याला धरून जातात. नियम सगळ्या जागांना सारखे, आणि घडलेली गोष्ट मात्र एका जागी. नियमांची सममिती आणि वस्तूची सममिती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. या लेखातली मला सगळ्यात महत्त्वाची वाटणारी गोष्ट हीच.

पण निसर्ग तर सममित असतो ना?

हा आक्षेप भाचीनं लगेच घेतला, आणि तो चुकीचा नाही. फक्त सममिती कुठे शोधायची ते बदलतं.

१९१८ साली एमी न्योटर नावाच्या जर्मन गणितज्ञ बाईंनी एक प्रमेय मांडलं. भौतिकशास्त्रातल्या अत्यंत खोल गोष्टींपैकी ती एक मानतात. साध्या शब्दांत असं: निसर्गाच्या नियमांत जिथे जिथे सतत होऊ शकणाऱ्या बदलाची सममिती असते, तिथे तिथे काहीतरी 'शिल्लक' कायम राहते. नियम काल होते तेच आज आहेत, म्हणजे काळात सरकवलं तरी बदलत नाहीत. त्यातून ऊर्जेची बेरीज कायम राहते. जागा बदलली तरी नियम तेच. त्यातून संवेग कायम राहतो, म्हणजे कॅरमची सोंगटी दुसरीला धडकून आपला वेग देते तो हिशेब.

पहिलं पटायला जड वाटतं, म्हणून असं समजा. गुरुत्वाकर्षण सकाळी कमी आणि संध्याकाळी जास्त असतं, तर आपण काय केलं असतं? सकाळी पाणी हलकं, तेव्हा थोड्याशा विजेत गच्चीवरची टाकी भरून घेतली असती. संध्याकाळी तेच पाणी जड झालं की खाली सोडून त्यावर छोटं जनित्र फिरवलं असतं. खर्चापेक्षा जास्त वीज हातात, रोज, फुकट. असं होत नाही, कारण सकाळचा नियम आणि संध्याकाळचा नियम एकच आहे.

हे सांगणाऱ्या न्योटरबाईंना स्वतःला बाई म्हणून विद्यापीठात कित्येक वर्षं पगार नव्हता, आणि त्यांची व्याख्यानं हिल्बर्ट या थोर गणितज्ञाच्या नावानं जाहीर व्हायची. डावं-उजवं तिथेही होतंच.

नियम सममित, पण तेसुद्धा पूर्ण नाहीत. निसर्ग आरशातही तसाच वागेल असं सगळे धरून चालले होते. १९५६ साली ली आणि यांग या दोन शास्त्रज्ञांनी त्यावर शंका घेतली आणि चिएन-शिउंग वू या बाईंनी कोबाल्टच्या अणूंवर प्रयोग करून दाखवलं की अणूच्या पोटातली एक विशिष्ट क्रिया डावं आणि उजवं यात फरक करते. नोबेल १९५७ साली ली आणि यांग यांना मिळालं, वू यांना नाही. आणखी एक हिशेब ऐका. विश्वाच्या सुरुवातीला पदार्थ आणि त्याचा आरशातल्या जुळ्यासारखा प्रतिपदार्थ जवळजवळ सारखे होते. दोघे भेटले की दोघेही नाहीसे होतात. अब्जात साधारण एक इतका पदार्थ जास्त निघाला. तारे, गोदावरी, तुम्ही, मी, सगळे त्या उरलेल्या एकातून.

आणि हे सगळं फार दूरचं वाटत असेल तर द्राक्षाकडे या. आपण नाशिककर. द्राक्षात आणि चिंचेत जो आंबटपणा आहे त्यातलं मुख्य आम्ल एकच, टार्टरिक. वाइनच्या पिंपाच्या आतल्या बाजूला त्याचा खडा धरतो. १८४८ साली लुई पाश्चर या आम्लाच्या एका नमुन्यापासून केलेले स्फटिक भिंगाखाली बघत होता. त्याला दिसलं की स्फटिक दोन जातींचे आहेत, डाव्या आणि उजव्या पायातल्या चपलांसारखे. त्यानं ते चिमट्यानं एकेक करून वेगळे केले, दोन ढीग केले. एका ढिगाचं पाणी प्रकाशाला एका बाजूला वळवायचं, दुसऱ्याचं विरुद्ध बाजूला. आणि द्राक्षातून नेहमी मिळणारं आम्ल त्या दोन्हीपैकी एकाच जातीचं. वेल फक्त उजव्या पायातल्या चपला शिवते, असं म्हणा हवं तर.

सगळी जीवसृष्टी अशी एका बाजूची आहे. घरात पुदिना आणि बाळंतशेपा असतील तर दोन्हींचा वास घेऊन बघा. कार्व्होन नावाचा एकच रेणू दोन्हींत आहे, तेच अणू, तीच जोडणी. फक्त एकातला दुसऱ्यातल्याचं आरशातलं रूप. तरी एकाचा वास पुदिन्याचा आणि दुसऱ्याचा शेपाचा, कारण आपलं नाकसुद्धा एका बाजूचं आहे. डाव्या पायाला उजवी चप्पल जशी टोचते तसं.

सममित चेहरा सुंदर दिसतो, हे खरं नाही का?

थोडं खरं आहे. चेहऱ्याच्या दोन्ही बाजू जास्त जुळत असतील तर लोकांना तो किंचित अधिक आवडतो, असं बऱ्याच प्रयोगांत दिसलंय. पण 'जास्त जुळणारा' आणि 'पूर्ण जुळणारा' यात फार अंतर आहे. आम्ही भाचीचा फोटो घेऊन तो मधोमध कापला आणि दोन चेहरे बनवले: एक तिच्या दोन डाव्या अर्ध्यांचा, एक दोन उजव्यांचा. दोन्ही शंभर टक्के सममित. पहिल्यात ती गोबरी दिसते, दुसऱ्यात कठोर. माझ्या बहिणीला, म्हणजे तिच्या सख्ख्या आईला, ते फोटो पाठवले तर तिनं विचारलं, "या कोण दोघी?"

फोटोत आपण वाईट दिसतो असं खूप जणांना वाटतं, त्यामागेही एक कारण हेच. आपण स्वतःला रोज आरशात बघतो, म्हणजे डाव्याचं उजवं झालेलं. फोटोत ते उलटत नाही, म्हणून चेहरा ओळखीचा तरी परका वाटतो. बाकी सगळं जग मात्र आपल्याला फोटोतल्यासारखंच बघत आलेलं असतं.

आणि शरीराच्या आत तर सममितीचा प्रश्नच नाही. हृदय डावीकडे झुकलेलं, यकृत उजवीकडे. गर्भ अगदी लहान असताना त्याच्यात केसांहून सूक्ष्म तंतू एकाच दिशेनं गरगर फिरतात, त्यांनी भोवतालचा द्रव डावीकडे ढकलला जातो, आणि डावं कुठलं हे शरीराला तिथून कळतं. साधारण दहा हजारांत एका माणसाचे सगळे अवयव उलट बाजूला असतात आणि बहुतेकदा त्याचं आयुष्य व्यवस्थित चालतं. दोन्ही बाजूंना अर्धं अर्धं हृदय मात्र कुणाला नसतं. अ‍ॅपनं कापलेले गुण कशाचे होते, हे मी भाचीला सांगायची गरज उरली नाही. तिनं ते त्याच दिवशी फोनवरून काढून टाकलं.

आपली देवळं आणि लेणी तरी काटेकोर असतात ना?

सिन्नरचं गोंदेश्वर बघितलं असेल तर हा प्रश्न पडणारच. मधे महादेवाचं मुख्य मंदिर आणि चार कोपऱ्यांत चार छोटी मंदिरं. भाचीच्या पहिल्या कलमाला इतका सुंदर दाखला दुसरा नाही. पण आत जा. एका कोपऱ्यात गणपती, एकात पार्वती, एकात सूर्य, एकात विष्णू. बाहेरून जुळी, आतून प्रत्येकाचा देव वेगळा. आणि महादेवाचं सोडलं तर बहुतेक देवळांना आपण प्रदक्षिणा घालतो ती एकाच दिशेनं, देव उजव्या हाताला ठेवून.

ताजमहालाची गोष्टही सांगण्यासारखी आहे. पश्चिमेला मशीद आहे म्हणून पूर्वेला हुबेहूब तशीच दुसरी इमारत बांधली. तिचं नावच 'जवाब'. इतका काटेकोर तोल. आणि बरोबर मध्यावर मुमताजची कबर. पुढे शहाजहान गेला, त्याची कबर तिच्या शेजारी पश्चिमेला ठेवली गेली, तिच्याहून मोठी. त्या अख्ख्या वास्तूत डोळ्यात भरणारी तोल मोडणारी गोष्ट तेवढी एकच.

मूर्तीतही बघा. शिल्पशास्त्रात दोन्ही पायांवर सारखा भार देऊन ताठ उभं राहण्याला समभंग म्हणतात, आणि मान, कंबर, गुडघा अशा तीन ठिकाणी वळलेल्या उभं राहण्याला त्रिभंग. आपला विठोबा समभंगात: समचरण, दोन्ही हात कटीवर. बासरी वाजवणारा कृष्ण त्रिभंगात. देव एकच. विटेवर थांबलेला, वाट बघणारा, तो सरळ. बासरी वाजवणारा वाकलेला. आणि विठोबाच्याही एका हातात शंख आहे, दुसऱ्यात कमळाचा देठ.

पुढच्या रविवारी आम्ही दोघी पांडवलेण्यांवर गेलो. मुंबई-आग्रा रस्त्यावरून दिसणारा तो त्रिरश्मी डोंगर नाशिककराला रोजचा, पण आत जाऊन मोजणारे कमी. १० नंबरचं लेणं नहपान क्षत्रपाच्या जावयानं, ऋषभदत्तानं दिलेलं. मोठं चौकोनी दालन, तीन बाजूंना भिक्षूंच्या खोल्या. भाचीनं मोजल्या: एका बाजूला ५, समोर ६, दुसऱ्या बाजूला ५. तिचा चेहरा खुलला. मग ३ नंबरचं लेणं, गौतमीपुत्र सातकर्णीची आई गौतमी बलश्री हिनं दान दिलेलं. तसंच दालन, तसेच दर्शनी सहा खांब, नहपानाला हरवणाऱ्या घराण्याचं. तिथे ती मोजायला लागली. एका बाजूला ७. समोर ६. दुसऱ्या बाजूला ५. ती परत मोजत गेली, या वेळी दुसऱ्या बाजूनं. ५, ६, ७.

जवळपास १९०० वर्षांपूर्वी ज्या हातांनी तो कातळ कोरला ते हात कच्चे नव्हते. दरवाज्यावरचं कोरीवकाम बघितलं की हे कळतं. दालनात उभं राहिल्यावर बाजूच्या भिंती बेमेल वाटत नाहीत, मोजायला लागल्याशिवाय ध्यानातही येत नाही. खोली एका भिक्षूला झोपायला, ध्यानाला होती. ती समोरच्या खोलीशी जुळते का, हा प्रश्न त्याला पडायचं कारण नव्हतं.

चौथं कलम

परतताना मी रिक्षा काळाराम मंदिरापाशी थांबवली. काळ्या दगडाचं, पेशवाईत सरदार रंगराव ओढेकरांनी बांधलेलं देऊळ. भोवती आवार, आवाराला चार दरवाजे. चित्रात काढायला घेतलं तर भाचीची पहिली दोन कलमं सहज पास होतील.

२ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली, दादासाहेब गायकवाडांच्या साथीनं इथे सत्याग्रह सुरू झाला. मागणी एवढीच की अस्पृश्य म्हणवल्या गेलेल्या माणसांना देवळात जाता यावं. दरवाजे बंद करण्यात आले. सत्याग्रही चारही दरवाज्यांसमोर बसले. पुढे कित्येक वर्षं ते चाललं, आणि ते चालू असताना दरवाजे उघडले नाहीत. दगडाचा तोल पूर्ण होता, आणि माणसामाणसांत जे चाललं होतं त्यात तोलाचा लवलेश नव्हता.

आता ताटाचा प्रयोग आठवा. डोळे मिटायचे, बदल करायचा, डोळे उघडून फरक पडला का बघायचं. दारात उभी असलेली दोन माणसं घ्या आणि त्यांची अदलाबदल करा. दाराचा निर्णय बदलला का? बदलला, तर त्या नियमात सममिती नाही. आपल्या राज्यघटनेचं १४वं कलम, कायद्यापुढे सगळे समान, हे म्हणजे हीच कसोटी कायद्याच्या भाषेत. १७व्या कलमानं अस्पृश्यता संपवली. आपल्या भाषेनं तर हे केव्हाच ओळखलंय. पक्षपात करणाऱ्या माणसाला आपण 'तो डावं-उजवं करतो' म्हणतो. माणसांचे चेहरे सारखे असावेत असं तिथे कुणी मागत नाही. चेहरा कुणाचाही असो, दाराला फरक पडू नये, एवढंच. धरणातल्या गाळासारखंच हे: घडणारी प्रत्येक गोष्ट वेगळी असू दे, नियम मात्र सगळ्या जागांना सारखा.

इथे भाचीनं अवघड प्रश्न विचारला. "मग आरक्षण? तिथे तर नियमच माणसं बघून लावतात." तिच्या वयाच्या खूप जणांना हा प्रश्न पडतो आणि त्यांना झिडकारून चालत नाही. मी तिला पासंगाची गोष्ट सांगितली. जुन्या तराजूची एक बाजू झिजून, ठोकरून हलकी झालेली असायची. रिकाम्या तराजूचा काटाच एका बाजूला झुकलेला. त्यात दोन्हीकडे सारखी वजनं टाकली तर माप खोटंच येणार. म्हणून दुकानदार हलक्या पारड्याला खाली एक छोटं वजन बांधायचा, कधी खडा, कधी लोखंडाचा तुकडा. तो पासंग. नुसता पासंग बघितला तर वाटतं, एका पारड्याला जास्त दिलंय. तराजू झुकलेला होता हे बघितलं की कळतं, त्याशिवाय दोन्ही पारडी सारखी होणारच नव्हती. पासंग किती असावा, कधी काढावा, कुठल्या पारड्याला बांधावा यावर वाद होऊ शकतो, व्हावा. पण काटा आधी रिकाम्या तराजूवर बघून, मग.

भाची बराच वेळ दरवाज्याकडे बघत होती. लोक आत जात होते, बाहेर येत होते.

वही

तिनं वही परत लिहिली. दुसरं आणि तिसरं कलम खोडलं. चौथं उचलून पहिल्या जागी आणलं, शब्द तेच ठेवून. जुनं पहिलं कलम तिनं एका वाक्यापुरतं ठेवलं, पैठणीच्या उलट्या बाजूचं चित्र जोडून.

शेवटच्या पानावर तिनं ३ नंबरच्या लेण्याचा नकाशा काढलाय, आलेखाच्या कागदावर, पेन्सिलीनं. एका बाजूला सात चौकोन, समोर सहा, दुसऱ्या बाजूला पाच. देण्याआधी तिनं तो कागद मधोमध दुमडून, टाचणीनं भोकं पाडून जुळतात का ते बघितलं असणार. घडीची रेघ अजून दिसते, आणि पाच खोल्यांच्या बाजूला दोन भोकं कोऱ्या जागेत पडली आहेत.